घागर बंद पडली म्हणणाऱ्या पुस्तकाच्या मागं, तामलवाडीपर्यंत

बंद पडली म्हणे! छापून मोकळे झाले. ना आमच्या वाडीत येऊन बघितलं, ना बारवेची एक पायरी उतरले, आणि पुस्तकात ओळ टाकून दिली की ईटकडच्या बायांची सोनारीची घागर बहात्तरच्या दुष्काळात बंद पडली ती पुन्हा सुरू झाली नाही. मग दर चैत्रात ती घागर डोक्यावर घेऊन दोन दिवस चालतं कोण, आमची भुतं? मागच्या चैत्रात माझ्या टाचेत बाभळीचा काटा मोडला, तो अजून ठणकतो. तोही बंद पडलाय असं छापायचं का?

हे मी आपल्या महिला मंडळाच्या वहीत लिहिते आहे. वही वाड्यावाड्यांत फिरते, कुणी पापडाचं लिहितं, कुणी मुंबई बघून आल्याचं. मी चौथीपर्यंत शिकले. लिहिलेलं मास्तरांना दाखवलं नाही, कारण मास्तर चुका काढता काढता राग पण काढून टाकतात. ज्या बायांना कधी असं एखाद्या शिकलेल्या माणसाच्या मागं जायची पाळी येईल, त्यांना वाट कळावी म्हणून गाड्या कुठं बदलायच्या तेही लिहिलंय.

दुसऱ्या वाडीवाल्यांना घागर ठाऊक नसेल, म्हणून आधी ते सांगते. आमच्या बारवेचं पाणी चैत्राच्या यात्रेला सोनारीच्या काळभैरवाला जातं. पाच बाया जातात, घागर एकीच्या डोक्यावर. बारवेतून घागर उचलली की देवापुढं उतरेपर्यंत पाचींनी तोंड उघडायचं नाही. पाणी नसेल त्या साली रिकामी घागर न्यायची, वर फडकं बांधून, पण न्यायची. घागरवाली वाटेत बोलली तर तिनं तिथंच ती दुसरीच्या डोक्यावर द्यायची, सगळ्यांच्या मागं चालायचं, आणि परतल्यावर वाडीत सांगायचं. नंतर ती कधी घागर उचलत नाही. आणि घागर चालू आहे तोवर सातव्या पायरीखालच्या पाण्याला मोट नाही, इंजिन नाही. नुसत्या हंड्या-कळशीनं भरायचं. आम्ही उन्हाळा काढतो तो त्या सातव्या पायरीवर. हापसा कधीचाच खाकरतोय.

यंदा पाऊस दोनदा तोंड दाखवून गेला. आम्ही निघालो तेव्हाच पाणी सहाव्या पायरीवर आलं होतं. आणि आमच्या पाणी सोसायटीच्या चेअरमनला उसाच्या बेण्यासाठी बारवेवर इंजिन बसवायचंय. तो माझा चुलत दीर. शिमग्याच्या आधी ते पुस्तक काखेत मारून आला.

"पारूवहिनी, छापून आलंय. शिकल्याली माणसं खोटं लिहित न्हाईत. पायरी-बियरी सोडा आता."

"मग मागल्या साली म्या डोईवर काय नेलं? तुझं इंजिन?"

"ते तुमच्या हौशेचं. प्रथा म्हनून बंदच हाय. येत्या रविवारी मिटिंगीत ठराव घेतो."

पुस्तक लिहिणाऱ्याला मी ओळखत नव्हते, पण मास्तर ओळखत होते. वहीवाले सर म्हणतात त्यांना सगळीकडं. देव, नवस, यात्रा, कुठली जात कुठल्या देवाची पालखी धरते, असलं गावोगाव विचारत फिरतात आणि वहीत उतरवतात. सध्या तुळजापुरात मुक्कामाला आहेत म्हणाले. मी म्हटलं, जाते आणि त्यांच्याच हातानं त्यांची ओळ खोडून आणते.

नवरा म्हणाला, एकटी जाऊ नको. घागरवाल्या चौघींपैकी एक बाळंतिणीपाशी, दोघी रोजगार हमीच्या कामावर, चौथीचे गुडघे गेलेले. तेवढ्यात कांताबाई आली. बौद्ध वस्तीतली, सातवी पास, बालवाडी चालवते.

"म्या येते," म्हणाली.

"तुझा काय संबंध घागरीशी?"

"देव तुमचा असंल. पानी माझं बी हाय."

मी म्हटलं, चल. तिच्या सासूला बारवेची एक पायरीसुद्धा उतरू देत नव्हते. वर काठाला बसायची आणि कुणी ओतलं तर न्यायची. दुष्काळात सगळ्यांनी एका रांगेत बसून खडी फोडली, एकाच कढईतली सुकडी खाल्ली, आणि एका सकाळी वस्तीतल्या बाया कळशा घेऊन सरळ खाली उतरल्या. कुणी अडवलं नाही. कांता म्हणते, अडवायला कुणाच्या अंगात जोर उरला नव्हता, न्हायतर अडवलंच असतं.

मंगळवारी अंधार फिटायच्या आत निघालो. वाडीपासून ईट दीड तास पायी, तिथून भूमची पहिली एस.टी. ती चुकली तर दिवस गेला समजा. भूमच्या स्टँडवर नळ आहे, पाणी नाही, घरून न्यावं. भूमहून बार्शी, बार्शीत गाडी बदलायची. बार्शीच्या स्टँडबाहेर भजी ताजी मिळतात पण तेल जुनं, म्हणून आम्ही आमचीच भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी खाल्ली आणि नुसता चहा घेतला. कंडक्टर तरणा होता.

"देवदर्शनाला का, मावशी?"

"न्हाय. भांडायला."

"मग समोर बसू नका, डायव्हर भितोय."

सारी गाडी हसली. मला हसू येत नव्हतं. खिडकीतून नुसती काळी भेगाळलेली रानं पळत होती, आणि माझ्या मनात ती ओळ पुन्हा पुन्हा येत होती. येडशीच्या अलीकडं थोडं जंगल लागतं, तिथं तेवढं डोळ्याला बरं वाटतं. कागदावर उस्मानाबाद लिहितात त्या धाराशिवला गाडी अर्धा तास नुसती उभी राहिली. मी खाली उतरून कंट्रोलरला दोनदा विचारून आले. कांता म्हणाली, "तू इचारल्यानं गाडी लवकर सुटती का? बस की गप." मला गप बसता येत नाही, हे तिला माहीत आहे.

तुळजापुरात चारच्या सुमाराला पोचलो. ज्या धर्मशाळेत सर राहतात तिथली बाई उंबऱ्यात गव्हातले खडे वेचत होती.

"वहीवाले व्हय? कालच गेले तामलवाडीला. आठ रोज तिकडंच हाईत."

मी कपाळावर हात मारला. बाईला हसू आलं. "बरं झालं गेले. इथं आमच्या आत्याबाईला सकाळ-सांज इचारायचे, देवीला आधी हळद का आधी कुंकू, आन का? शेवटी आत्याबाई म्हनल्या, बाबा, तुझ्या आईनं तुला आंगडं आधी घातलं का टोपडं, ते तिला इचार आधी."

रात्र तिथंच काढली. चटई मिळते, पांघरूण आपलं न्यावं. सकाळी मी दर्शनाला गेले. कांता महाद्वाराबाहेर पायरीवर बसली.

"येत न्हायीस?"

"आमी सोडलं ते सोडलं. तू जा, म्या चपला बघते. आन लवकर ये, देवीसंगं भांडत बसू नको."

रांगेत मी धड हातही जोडले नाहीत. पुढच्या बाईची पोर रडत होती, मागचा माणूस ढकलत होता, आणि मी सरांना काय काय बोलायचं त्याची उजळणी करत होते. देवीसमोर आले तेव्हा एवढंच सुचलं की आई, माझी जीभ ताळ्यावर ठेव. त्याहून मोठं काही मागायला वेळ नव्हता.

तामलवाडीला सोलापूरची गाडी धरायची. घाट उतरला की अर्ध्या-पाऊण तासात येतं. बुधवारी दुपारी उतरलो तर ऊन असं, की सडकेवरचं डांबर चपलेला चिकटत होतं. सरांना शोधावं लागलं नाही. तिथल्या सोसायटीच्या गोदामासमोर लिंबाखाली बसले होते, पांढरा सदरा, मांडीवर वही, समोर एक म्हातारी. तिच्या देव्हाऱ्यातले चांदीचे टाक पाटावर मांडलेले आणि सर एकेक उचलून विचारत होते, हा कुणाकडून आला, ही सासरची का माहेरची.

मी रामराम-नमस्कार काही केला नाही. मास्तरांकडून मागून आणलेलं पुस्तक त्यांच्या वहीवर आपटलं.

"हे तुमी लिवलंय?"

सर दचकले. म्हातारीच आधी बोलली, "अहो सर, या बाईला आधी इचारा. माझं देव कुठं पळून जात न्हायीत." आणि पदरानं वारा घेत ऐकायला सरसावून बसली.

मी सगळं सांगितलं. घागर, सातवी पायरी, चेअरमन, इंजिन, रविवारची मिटिंग. सर एकदाही मध्ये बोलले नाहीत, हे मान्य केलं पाहिजे. आमच्याकडच्या मिटिंगीत असं कुणी ऐकून घेत नाही. मग म्हणाले, "बाई, मी ऐकीव लिहीत नाही. जे लिहिलं ते वहीत असणार. दुसरी आवृत्ती काढायची म्हणून जुन्या वह्या बरोबरच आणल्यात. तुमच्यासमोर बघू." गोदामाच्या पडवीत त्यांची पेटी होती. त्यातून पिवळी पडलेली एक वही काढली आणि पान शोधून माझ्यापुढं धरली. अक्षर मुंगीसारखं. मी ती कांताकडं दिली.

कांता बालवाडीत वाचते तसं मोठ्यानं वाचायला लागली. "चैत्र. सोनारीची वाट, खडीच्या कामाजवळ. पाच स्त्रिया. पुढच्या चौघींनी तोंडावर हात ठेवून मान हलवली व त्या न थांबता गेल्या. घागर घेतलेली स्त्री मागे पडली होती. घागर रिकामी. मी विचारले, प्रथा चालू आहे का? ती त्राग्याने म्हणाली, दिसत न्हाय का, पानी न्हाय, समदं बंद झालंय, जावा तिकडं." कांतानं श्वास घेतला. "वय सुमारे तीस. डाव्या भुवईवर जुना व्रण."

मग तिनं वही खाली केली आणि माझ्या डाव्या भुवईकडं बघितलं. म्हातारीनंही बघितलं. लहानपणी कडब्याच्या गंजीवरून पडले होते, ती खूण आहे.

बायांनो, ते मीच बोलले होते.

विसरले होते असं मी म्हणणार नाही. विसरल्यासारखं केलं होतं. त्या साली घागर पहिल्यांदा माझ्या डोक्यावर आली, कारण सासूबाई अंथरुणावर होत्या. पाठीला दोन वर्षांची उपासमार, पायाखाली तापलेली माती, डोक्यावर रिकामी घागर. रिकामी घागर भरलेलीपेक्षा जड लागते हे जिनं नेली तिलाच कळतं. आणि हा पांढऱ्या सदऱ्याचा माणूस वाटेत आडवा आला, खांद्याला पाण्याची बाटली लटकवलेली, आणि विचारतो, चालू आहे का. त्या बाटलीतलं पाणी हललेलं मला ऐकू आलं. तोंडातून निघून गेलं. चौघी पुढं गेल्या होत्या, कुणी ऐकलं नाही. मी पळत जाऊन त्यांना गाठलं. घागर कुणाला दिली नाही. परत येऊन कुणाला सांगितलं नाही. सोनारीला देवापुढं तीच घागर उतरवली आणि तिथल्या माकडांनी माझ्या पदरातलं खोबरं पळवलं, तेव्हा वाटलं की झाली शिक्षा, मिटलं. त्यानंतर दर साली तीच घागर मी उचलत आले.

कांतानं वही सरांच्या हातात परत दिली. सर म्हणाले, "बाई, मी तुमचेच शब्द लिहिले. पण एकदाच विचारलं आणि एकीलाच विचारलं. पुढच्या चैत्रात परत यायला हवं होतं. आलो नाही. चूक माझी."

माझा सगळा राग जाऊन कुठं बसावा ते मला कळेना. म्हणून मी आणखी आवाज चढवला. "उन्हात तापल्याली बाई कायबी बोलती. ते लिवून घ्यायचं अस्तंय व्हय?"

"तुमच्याकडं मौन असतं, हे मला कुणी सांगितलं नव्हतं."

"मौनात असल्यावर सांगनार कोन?"

यावर म्हातारी खो खो हसली. सरही हसले, पण लगेच पेन काढलं. "एक विचारू? घागर तुम्ही देवासाठी राखता की सातव्या पायरीखालच्या पाण्यासाठी?"

हा प्रश्न मला आवडला नाही. आजही आवडत नाही. मी म्हटलं, "तुमाला दोन दिसत्यात. आमाला दोन करायला सवड न्हाय."

त्यांनी ते लिहून घेतलं. कांता म्हणाली, "सर, मला बी इचारा की. का मी बाहेरची?" मग तिनं सासूचं, काठावर बसण्याचं, सुकडीचं आणि त्या सकाळी खाली उतरण्याचं सांगितलं. सरांची तीन पानं भरली. बारवेचं असलं काही त्यांच्या पुस्तकात नव्हतंच. म्हणाले, "हे मी तेव्हा विचारलंच नाही." कांता म्हणाली, "तवा आमी व्हतोच की. खडीवर. चार हातांवर."

मग पत्राचं निघालं. सर आमच्या पाणी सोसायटीच्या नावानं लिहून द्यायला तयार झाले, की पुस्तकातली ओळ चुकीची आहे, पुढच्या आवृत्तीत दुरुस्त करीन, आणि येत्या चैत्रात स्वतः येऊन घागरीबरोबर चालेन. पण म्हणाले, "ओळ चुकली कशी, ते मला लिहावं लागेल. घागरवाली वाटेत बोलली आणि मी त्यावरून ठरवलं. कारण न देता मी नुसतं फिरवलं, तर तुमचे चेअरमन म्हणतील की बायांनी दबाव आणला. तुमचं नाव घालत नाही."

नाव घालत नाही म्हणे. त्या साली घागर कुणाच्या डोक्यावर होती, हे आमच्या वाडीतलं कुत्रंसुद्धा सांगेल.

मी उठले, गोदामाला एक चक्कर मारून आले, रांजणातलं पाणी प्याले. कांता माझ्याकडं बघत नव्हती. टाक पुसत बसलेल्या म्हातारीला मदत करत होती. मी परत येऊन म्हटलं, "लिवा."

गुरुवारी परत फिरलो. बार्शीपर्यंत उभ्यानं आलो, लग्नाचं वऱ्हाड भरलं होतं. भूमच्या गाडीत जागा मिळाली तेव्हा कांता पहिल्यांदा बोलली.

"एक सांगू? तुझं तोंड दोन-दोन दिस बंद ऱ्हातं, हे मला कवा पटलंच नव्हतं."

"हास. हास तू."

"हासत न्हाय. म्या कुनाला सांगनार न्हाय. पर तू न्हाय सांगितलंस, तर म्या तुझ्यासंगं बोलनार न्हाय."

"पत्रात हायेच की ते."

"पत्र चेअरमन वाचनार. त्याच्या तोंडून बायांनी ऐकायचं का तुझ्या?"

ईटला उतरून वाडीपर्यंत चाललो. ती तिच्या वस्तीकडं वळली, मी घरी न जाता आधी बारवेवर गेले. पाणी सहावी पायरी सोडून सातवीला टेकलंय. खाली कळशा बुडत होत्या, कुणी मला विचारलं, झालं का भांडण? मी म्हटलं, झालं.

जाऊन आल्याचं काय उरलं, ते या वहीत लिहायची रीत आहे. तामलवाडीचं ऊन उरलंय, सरांचा तो प्रश्न उरलाय, अन्न गोड लागत नाही. सरांवरचा राग होता तो मात्र शोधूनही सापडत नाही, आणि त्यामुळं जास्तच चिडचिड होते. शिकलेल्या माणसाला चूक कबूल करायला अर्धी दुपार लागली. मला दहाच्या वर चैत्र लागले.

आता कामाचं. पत्र माझ्याकडं आहे, रविवारी मिटिंगीत मी ते देणार. चेअरमन ते वाचून काय म्हणणार ते मला आजच ऐकू येतंय: बघा, मोडलीच होती, वहिनींनीच मोडली. त्याला तोंडावर उत्तर देता आलं पाहिजे, आणि ते उत्तर एकच, की घागर यंदा जाते आहे, आणि माझ्याऐवजी ही बाई ती नेते आहे. वहीवाले सर चैत्रात वाटेवर उभे राहणार आहेत. त्यांना रिकामी वाट दिसली तर पुस्तकातली ओळ खरी ठरेल आणि बारवेवर इंजिन धडधडेल.

रीतीप्रमाणं मी घागर उचलायची नाही. बोलले, दिली नाही, सांगितलं नाही, तीन चुका. मी मागं चालेन, सगळ्यांच्या मागं, अनवाणी. पण कुणीतरी पुढं पाहिजे. चौथीचे गुडघे गेलेत, एक बाळंतिणीपाशी आहे, दोघी म्हणतात आम्हाला सवय नाही. सवय मलाही नव्हती. कांतानं विचारलंय, वस्तीतली कुणी उचलली तर चालेल का? मी तिला हो म्हटलं नाही, नाही म्हटलं नाही, कारण ते मी एकटीनं ठरवायचं नाही, आणि माझा आता तेवढा अधिकारही नाही. माझं मत विचाराल तर पाणी तिचंही आहे.

हे वाचून झालं की वही पुढच्या घरी द्या, अडवून ठेवू नका. आणि घागर कुणाच्या डोक्यावर द्यायची, ते शनिवारी दिवे लागायच्या आत मला सांगा. निरोप पाठवू नका. माझ्या दारात या, माझ्याविषयी जे बोलायचं ते बोला, आणि नाव सांगून जा.